पाठमोऱ्या दोघी

आई कॉम्प्युटरकडं पाठ करून बसली होती.

मॉनिटरवर माझी बायको होती. वृषाली. गडहिंग्लजला, तिच्या माहेरच्या परड्यात, पेरूच्या झाडाखाली पाट टाकून शेंगा फोडत बसलेली. आणि माझ्या खुर्चीमागं आई. जमिनीवर, तोंड भिंतीकडं, दोन्ही हात मांडीवर. ओळखपत्राचा फोटो काढायला बसल्यासारखी ताठ. खाली जेवणाच्या सुट्टीपुरते माग बंद होते, म्हणून हे जमत होतं.

मी म्हटलं, अगं हा नुसता व्हिडिओ आहे, ती काय खरीखुरी समोर बसलेली नाही.

"तोंड ते तोंड," आई म्हणाली. "आवाज वाढीव."

वाढवला.

आता हे असं का, ते सांगतो. सुरुवातीपासून सांगायला लागेल.

मी तेव्हा इचलकरंजीत लग्नाची शूटिंग करायचो. एका स्टुडिओत होतो, दिवसा शूटिंग, उरलेल्या वेळात मिक्सिंग, म्हणजे काढलेलं कापून जोडायचं. सिनेमा शिकायला मी कुठं गेलो नाही. नेट कॅफेतून पेनड्राइव्ह भरून आणायचो, ज्यात काहीच घडत नाही असे परदेशातले सिनेमे बघायचो आणि ते बघून डोक्यात काहीतरी वळवळायचं. प्रायोगिक वगैरे शब्द मला नंतर लोकांनी सांगितला. तेव्हा मी त्याला 'आपलं आपलं शूटिंग' म्हणायचो.

माझं लग्न ठरलं तेव्हा एक गोष्ट डोक्यात पक्की होती. दुसऱ्यांच्या लग्नाचं मी इतकं काढलं होतं की मला कळत होतं, कॅमेरा फक्त पाठवणीपर्यंत असतो. मुलगी रडली की बॅटरी काढायची, बॅगेत टाकायची, जेवायचं आणि घरी. त्यानंतर जे काय होतं ते कुणी काढतच नाही. मला ते काढायचं होतं. एकमेकांना दोनदा भेटलेली दोन माणसं एका खोलीत राहायला लागली की काय होतं. माझीच बायको, माझीच खोली, स्टुडिओचा जुना हँडीकॅम. खर्च शून्य.

वृषालीला लग्नाच्या चौथ्या की पाचव्या दिवशी विचारलं. ती म्हणाली, "मी काय हिरॉईन हाय?" मी म्हटलं तेच तर पाहिजे. तिनं जरा विचार केला आणि विचारलं, मग साडी बदलायची का हीच चालेल. म्हणजे हो.

आमची खोली माळ्यावर होती आणि खाली आमचे चार यंत्रमाग. वडील गेल्यापासून ते आईच बघायची. दिवसा आई, रात्रीला एक कामगार. मी त्या आवाजात जन्मलो, त्यामुळं मला तो आवाज वाटायचाच नाही. वृषाली आली आणि पहिल्यांदा माझ्या लक्षात आलं की आमच्याकडं टेबलावर ठेवलेला पाण्याचा तांब्या दिवसभर थरथरतो. जमीन थरथरते. आरसा थरथरतो, त्यामुळं कुंकू लावताना तो एका हातानं भिंतीला दाबून धरायला लागतो. आणि बोलायचं असेल तर ओरडायला लागतं. नव्या लग्नात माणूस ज्या गोष्टी कुजबुजत बोलतो त्या सगळ्या माझी बायको माझ्याशी ओरडून बोलली. लाजत लाजत ओरडायची. तुम्ही असं काही बघितलेलं नसणार. मी बघितलंय, आणि अजून आठवलं की हसू येतं.

दोन महिने मी काढत होतो. ती केस वाळवताना. ती माझी बनियन उलटी वाळत घालताना. ती डब्यांवरचं जुनं आईच्या अक्षरातलं लेबल न काढता त्याच्या शेजारी आपलं लावताना. तिला कॅमेऱ्याची सवय झाली. मधूनच लेन्समध्ये बघून काहीतरी बोलायची, मी मान हलवायचो. मला एक अक्षर ऐकू यायचं नाही. मला वाटायचं, मिक्सिंगला बघू.

मग तो प्रकार झाला.

संध्याकाळ होती. वृषालीचं डोकं सकाळपासून दुखत होतं. ती पलंगावर धुतलेल्या कपड्यांच्या घड्या घालत होती आणि मी समोरून काढत होतो. तिचं तोंड काही ठीक नव्हतं. मी कॅमेऱ्यामागनंच विचारलं, काय झालं. ती बोलली, मला कळलं नाही. मी म्हटलं, काय? ती परत बोलली. मी परत म्हटलं, काय? तिसऱ्या वेळी तिनं हातातली चादर टाकली आणि छाती भरून श्वास घेऊन ओरडली, "हे घर नव्हं, कारखाना हाय कारखाना, आणि तुमच्या आईला..."

आणि लाईट गेली.

चारही माग एकदम थांबले. नुसते आमचे नाही, आजूबाजूचे, पुढच्या गल्लीतले, सगळे. लाईट गेल्यावर आमच्या गावात जी शांतता होते तशी कुठंच होत नाही. कान बंद झाल्यासारखं होतं. आणि त्या शांततेत, त्याच आवाजाच्या टिपेला, माझ्या बायकोचं राहिलेलं वाक्य पूर्ण झालं.

"...माणसांपरास माग जास्त लागतात. मला हितं ऱ्हायचं न्हाई."

तिला थांबवता आलं नाही. वाक्य निघालं होतं. समोरच्या माळ्यावर कुणीतरी खिडकी उघडली. खाली गल्लीत एक सायकलवाला जाता जाता थांबला. आणि आमच्या पायाखाली, अंधारात, मागापाशी आई उभी होती. ती खोकलीसुद्धा नाही.

त्या दिवशी लाईट बराच वेळ आली नाही. लवकर आली असती तर कदाचित बरं झालं असतं. तिघं तीन ठिकाणी अंधारात बसलो होतो.

सकाळी आई मला एवढंच म्हणाली, "आखाड लागतोय. तिला माहेरी पोचीव."

आता आखाडाचं. आमच्याकडं नव्या सुनेनं लग्नानंतरच्या पहिल्या आखाडात सासूचं तोंड बघायचं नाही. सासूनंही सुनेचं बघायचं नाही. बघितलं तर काय होतं ते कुणीच नीट सांगत नाही, पण वाईट होतं म्हणतात. म्हणून मुलगी महिनाभर माहेरी जाते. नवऱ्यानं तिला भेटायचं की नाही यावर घराघराचं वेगळं मत असतं. आमच्या घराचं मत मी विचारलंच नाही.

म्हणजे वृषाली तशीही जाणारच होती. पण त्या संध्याकाळनंतरच्या सकाळी सांगितलं, म्हणून ते आखाडाचं राहिलं नाही. वृषालीनं पिशवी भरली. स्टँडवर गाडी लागली. गाडीत चढताना विचारलं, परत न्यायला कोण येणार? मी म्हटलं, मी की.

"तुम्ही न्हाई," ती म्हणाली. "ज्यांनी घालवली त्यांनी न्यायला यायचं."

मी घरी येऊन आईला ते सांगितलं. आई मागावरची सुताची कांडी बदलत होती. म्हणाली, गेली तशी येईल, माग कुणाच्या जिवावर टाकून जाऊ मी. तिकडं सासऱ्यांचा फोन. रिटायर कंडक्टर माणूस, आवाज एकदम मऊ. म्हणाले, "पाव्हणं, पोरगी आम्हाला जड झालेली न्हाई." धमकी एवढी गोड कुणी देत नाही.

दोघी हटून बसल्या. मी मधे. लग्नाला जेमतेम दोन महिने झाले होते आणि मला दिसायला लागलं होतं की हे असंच राहून जाणार. कुणी भांडणार नाही, कुणी काही तोडणार नाही, नुसतं श्रावण येईल, भाद्रपद येईल, आणि ती तिकडंच असेल. असं होतं. मी लग्नं काढलेल्या दोन जोड्यांचं झालेलं बघितलं होतं.

फोनवर मिटवावं तर आईला फोन जमायचा नाही. आयुष्यभर मागापाशी उभं राहून तिचे कान निम्मे गेले होते. फोन कानाला लावला की पलीकडचं न ऐकता स्वतःच बोलायची, "बरी हायस न्हवं, जेवलीस न्हवं, ठेवतो," आणि ठेवायची. आमच्या भागात बायका 'मी ठेवतो, मी आलो' असंच बोलतात, वृषालीही तसंच.

त्या आठवड्यात मी मिक्सिंगला बसलो. आतापर्यंत काढलेलं पहिल्यांदा सगळं लावून बघितलं. दोन महिने. वृषाली बोलतीये, हसतीये, काहीतरी सांगतीये, आणि सगळीकडं खटाक खटाक खटाक. एक शब्द नाही. मी तिला इतके दिवस मान हलवून हो हो म्हणत होतो ते कशाला म्हणत होतो, मलाच माहीत नाही. अख्ख्या शूटिंगमध्ये स्वच्छ ऐकू येणारं वाक्य एकच होतं. ते.

मी कॅमेरा उचलला आणि गडहिंग्लजला गेलो.

सासऱ्यांनी विचारलं, काय काम काढलं पाव्हणं. मी म्हटलं, शूटिंग आहे. त्यांनी पेपर उघडला आणि परड्याच्या दाराशी खुर्ची टाकून बसले. पाऊस उघडला होता. वृषाली शेंगा फोडायला बसली. मी कॅमेरा लावला आणि म्हटलं, बोल काहीतरी.

ती बोलायला लागली आणि मी दचकलो. तिचा आवाज. तो मी त्याआधी ऐकलेलाच नव्हता, म्हणजे न ओरडलेला. जरा जाडसर होता. शब्दाच्या शेवटी खाली उतरायचा. मी हेडफोन लावून उभा होतो आणि माझी बायको माझ्या कानात शेंगांविषयी बोलत होती आणि मला वाटलं, अरे, हिच्याशी माझं लग्न झालंय.

ती म्हणाली, इथं आल्यापासून झोप लागत नाही, फार गप्प गप्प वाटतं, मागांची सवय झाली वाटतं. शेवटी, शेंगा सुपात ओतता ओतता, आत्यांचा गुडघा कसा आहे म्हणून विचारलं. ती आईला आत्या म्हणते. मला वाटलं, झालं काम. हे आईला ऐकवायचं, आई विरघळणार.

तर ते हे. दुपार, माग बंद, आई भिंतीकडं तोंड करून.

ऐकून झालं. मी आईच्या पाठीकडं बघत होतो.

"खोटं बोलतीया," पाठ म्हणाली.

मी विचारलं, कशावरनं?

"झोप न लागलेल्या माणसाचा आवाज असा नसतो. चांगली दाबून झोपून उठलीया. आणि गुडघ्याचं कसलं इचारतीस? माळ्यावर काय बोललीस त्याचं बोल की."

ती माझ्याशी नाही, वृषालीशी बोलत होती. भिंतीकडं बघून. मी हळूच टेबलावरचा कॅमेरा घेतला आणि चालू केला. बटणाचा आवाज झाला असेल, किंवा आईला माझी सवय माहीत होती.

"काढतोयस?" ती म्हणाली. "थांब मग."

तिनं पदर सारखा केला. मानेवरचा अंबाडा चाचपला. आणि परत भिंतीकडं बघून, शाळेत पाठ म्हणून दाखवताना बोलतात तसं, खणखणीत म्हणाली, "माणसांपरास माग जास्त लागतात म्हणालीस. व्हय, लागतात. मागांनी मला कधी उलट उत्तर दिलं न्हाई."

आणि उठून खाली गेली. खटाक खटाक सुरू.

मी दुसऱ्यांदा गडहिंग्लजला गेलो तेव्हा सासूबाईंनी विचारलं, हे शूटिंग किती दिवस चालणार. सासरे म्हणाले, चालू दे की. पेपर घेऊन ते आधीच दाराशी बसले होते.

हँडीकॅमची ती छोटी स्क्रीन असते ना, आडवी उघडणारी, ती वृषालीनं दोन्ही हातात धरून बघितली. आधी हसली. मग 'उलट उत्तर' आल्यावर नाक लाल झालं. परत लावा म्हणाली. परत लावलं. या वेळी ती ऐकत नव्हती, नुसती बघत होती.

"आत्यांच्या अंबाड्यात केवढा कापूस बसलाय," ती म्हणाली. "त्यांना मागचं दिसत न्हाई. कुणी सांगत पण न्हाई काय?"

 मी ते कधी बघितलंच नव्हतं. रोज तीच पाठ.

मग तिनं विचारलं, माझं मागच्या वेळचं, शेंगांचं, त्यांनी बघितलं का? मी सांगितलं, नुसतं ऐकलं, तोंड दिसेल म्हणून भिंतीकडं बघत बसली होती. वृषालीनं पाट उचलला, उलटा फिरवला आणि माझ्याकडं पाठ करून बसली. वेणी मागं सोडली.

"आता काढा," ती म्हणाली. "तोंडच बघायचं न्हाई न्हवं? पाठ बघायला आखाडाची हरकत नसंल."

मी सिनेमे बघून, डोकं खाजवून, सहा महिने विचार करून सुचलं नसतं ते तिला शेंगा फोडता फोडता सुचलं. पुढं माझा सिनेमा बघून लोक मला विचारायचे, ही पाठमोरी फ्रेम तुम्ही कशी निवडली. मी सांगायचो, बायकोनं निवडली. त्यांना वाटायचं, नम्रपणा आहे.

तर वृषाली पेरूच्या झाडाकडं बघत बोलली. "उलट उत्तर मी तुम्हाला दिलंच न्हाई. मी माझ्या नवऱ्याशी बोलत होतो. त्याला ऐकू जाईना म्हणून ओरडलो. ते तुम्ही ऐकायचंच नव्हतं. तरी ऐकलात, तर रागवायचं होतं. चार शिव्या घालायच्या होत्या. आखाडाचं नाव काढून घालवलीत, ते लागलं मला."

पेपर हलला नाही. सासऱ्यांनी पानच उलटलं नव्हतं.

आईला मी सांगितलं, या वेळी तोंड नाही, बघ. तिचा विश्वास बसला नाही. आधी हातानं डोळे झाकले, मग दोन बोटांतनं बघितलं, मग फिरली. पहिल्यांदा मॉनिटरसमोर बसली. वृषालीचं सगळं बोलणं ऐकून घेतलं आणि पहिलं काय म्हणाली असेल तर, "वेणी कुणी घातली हिची? लई घट्ट घातलीया."

मी म्हटलं, ते जाऊ दे, उत्तर दे की.

आई खाली गेली.

दुसऱ्या दिवशी कॅमेरा घेऊन उभा राहिलो, तर म्हणाली, वेळ न्हाई. तिसऱ्या दिवशीही तेच. आखाड अर्ध्याच्या वर सरला. मधेच सासऱ्यांचा फोन आला. गावातल्या एका शाळेत जागा निघालीये, वृषालीचं डीएड झालेलं आहेच, श्रावण लागला की रुजू व्हा म्हणतात. तुम्हाला काय वाटतं पाव्हणं? माझं मत विचारायच्या सुरात विचारलं होतं, पण तो निरोप होता. आईला सांगितलं. आई म्हणाली, चांगलं हाय की, शिकलेली हाय.

मला रागच आला. पहिल्यांदा मी आईवर ओरडलो. म्हटलं, तुला ती नकोच आहे. माग चालू होते. तिला ऐकू गेलं की नाही, माहीत नाही. तिनं एक माग थांबवला, आडवं सूत नेणारा धोटा काढून हातात धरला, माझ्याकडं बघितलं आणि परत लावला.

मग सुट्टीचा वार आला. आठवड्यातनं एक दिवस सगळ्या गावाचे माग बंद असतात. सकाळी आई आंघोळ करून आली आणि म्हणाली, "तो कॅमेरा आण खाली."

ती दोन मागांच्या मधल्या बोळात लाकडी स्टुलावर बसली. माझ्याकडं पाठ. समोर खिडकी, त्यामुळं नुसती काळी आकृती दिसत होती. मी लाईट लावायला गेलो तर नको म्हणाली. आणि बोलायला लागली. मधे एकदाही थांबली नाही. मी त्यातलं काही कापलं नाही. सिनेमात ते आहे तसंच आहे.

"वृषाली, ऐक. माझ्या लग्नात माझं आईबाप नव्हतं. मामानं लग्न करून दिलं आणि मोकळा झाला. पहिला आखाड आला, जायाचं कुठं? तर माझ्या सासूनं ह्या बोळात, हितंच, एक लुगडं बांधलं आडवं. महिनाभर मी लुगड्याच्या ह्या बाजूला. जेवणाचं ताट खालनं सरकवायची. रात्रंदिवस माग चालू. लेकराला पाळण्यात टाकावं तसं मला त्या आवाजात टाकलं. तू म्हणलीस न्हवं, घर न्हाई, कारखाना हाय. तेच मी म्हणलोय. रोज म्हणलोय. मागापाशी उभं राहून, गळा फाडून. सासूला म्हणलो, नवऱ्याला म्हणलो, मामाला म्हणलो. जे तोंडाला येईल ते. ह्या पोराचा बाप चार हातांवर उभा असायचा, त्याला कधी कळलं न्हाई. माझ्या वेळेला लाईट जात नव्हती, एवढंच."

इथं ती जरा हसली. पाठ हलली तेवढी दिसते.

"त्या दिवशी तू ओरडलीस, मला राग आला न्हाई. मला वाटलं माझाच आवाज आला वरनं. घाबरलो मी. म्हटलं, ही पण अशीच उभी राहून ओरडणार काय आता जन्मभर? म्हणून म्हटलं, आखाड लागतोय, जा. तुला जायला घर हाय. महिनाभर कान गार होऊ देत. घालवली न्हाई तुला. मला कुणी धाडलं असतं तर मी पळत गेलो असतो. नोकरी मिळाली म्हणतोय ह्यो उम्या, तुझा नवरा. कर. तिकडं ऱ्हावंसं वाटलं तर ऱ्हा. मी नाव ठेवणार न्हाई. झालं. बंद कर रे."

मी बंद केलं.  आई उठली आणि रिकाम्या मागावरची धूळ झटकायला लागली.

ते घेऊन मी तिसऱ्यांदा गडहिंग्लजला गेलो. वृषालीनं ते पलंगावर बसून बघितलं, एकटीनं, दार लोटून. मी बाहेर सोप्यात सासऱ्यांसमोर. आतनं आईचा आवाज येत होता, कारण आईचा आवाज कुठूनही येतो. सासऱ्यांनी पेपर घडी घालून गुडघ्यावर ठेवला. 'मामानं लग्न करून दिलं' इथं त्यांनी चष्मा काढला.

वृषाली बाहेर आली. मी सवयीनं कॅमेरा घेतला आणि पाट कुठं टाकायचा बघायला लागलो. ती म्हणाली, "आज न्हाई. आता पाठीशी बोलणार न्हाई मी." यायचं की नाही, नोकरीचं काय, काही सांगितलं नाही. चहा दिला आणि गाडीची वेळ झाली म्हणाली.

रिकामा परत आलो. आईनं विचारलं, काय म्हणाली? मी म्हटलं, काही नाही. आई म्हणाली, असू दे.

अमावस्या झाली. श्रावणाच्या पहिल्या दिवशी मी उठलो ते एका विचित्र आवाजानं. म्हणजे आवाज नव्हता. माग बंद होते, आणि सुट्टीचा वार नव्हता, लाईटही होती. जिन्यावरून खाली बघितलं तर आई लग्नाकार्याला नेसायची ती हिरवी साडी नेसून, हातात पिशवी घेऊन उभी. कामगाराला तिनं आदल्या दिवशीच सांगून टाकलं होतं, उद्या माग बंद.

"आवर," ती म्हणाली. "पहिली गाडी धरू. तुझं ते यंत्र घे पायजे तर."

गाडीत ती खिडकीशी बसली. निपाणी मागं पडली. मग विचारलं, "तिनं येत न्हाई म्हटलं तर?" मी म्हटलं, मला माहीत नाही. ती म्हणाली, मग तोंड तरी बघून येऊ.

ते माग आता नाहीत. तीन वर्षांपूर्वी भंगारात गेले, सगळ्या गल्लीचे गेले. वृषाली इचलकरंजीतल्याच एका शाळेत शिकवते. घरात एवढी शांतता असते की टाचणी पडली तर कळेल, आणि तरी आम्ही दोघं अजून ओरडूनच बोलतो, शेजारी नवीन आलेल्यांना वाटतं भांडतायत. तो सिनेमा चार ठिकाणी गेला. एका ठिकाणी बक्षीस मिळालं. एक बाई मला म्हणाल्या, नव्या लग्नावरचा सिनेमा आहे म्हणता, यात नवरा कुठंय? मी म्हटलं, कॅमेरा धरलाय की. त्या म्हणाल्या, तेवढंच? मी म्हटलं, तेवढंच काम होतं त्याला. पण शेवटचा शॉट मी काढलेला नाही.

गडहिंग्लजला आम्ही दारात पोचलो तेव्हा ऊन पडलं होतं. मी आईच्या थोडा पुढं, कॅमेरा चालू करून, कारण मला ते पाहिजे होतं. दोघींची तोंडं. शेंगांचं ते पहिलं सोडलं तर महिनाभर सिनेमात कुणालाच तोंड नव्हतं आणि आता एका फ्रेममध्ये दोन्ही. मी जागा ठरवून ठेवली होती, पायरीच्या डाव्या अंगाला.

सासऱ्यांनी आत हाक मारली, बघ कोण आलंय. वृषाली आली. हात ओले होते. आईला बघितलं नाही. बघायच्या आधी, उंबऱ्यातच, माझ्या हातातला कॅमेरा काढून घेतला आणि आपल्या डोळ्यापुढं धरला. मला वाटतं तिला रडू येत होतं आणि ते कुणाला दाखवायचं नव्हतं. तिनं कधी कॅमेरा धरलेला नव्हता. फ्रेम हलते, आधी पेरूचं झाड येतं, मग आभाळ, मग घसरत घसरत आई येते.

सिनेमात आईचं तोंड पहिल्यांदा तिथं दिसतं. उन्हानं बारीक झालेले डोळे, घामानं पसरलेलं कुंकू, ओठ घट्ट. लेन्समध्ये बघते. लेन्समागं काय आहे ते शोधत असल्यासारखी मान थोडी तिरकी करते.

"ते डोळ्याम्होरनं काढ आधी," ती म्हणते. "तोंड बघू दे."

चित्र कलंडतं. वृषालीनं कॅमेरा पायरीवर टेकवला, बंद करायचं तिला माहीत नव्हतं. त्यापुढं नुसते पाय दिसतात. आईचे चपलेतले, वृषालीचे अनवाणी. ते एकमेकांजवळ येतात आणि तिथंच थांबतात. बराच वेळ कुणी काही बोलत नाही. दरवेळी हॉलमधलं कुणीतरी मागं वळून प्रोजेक्टरकडं बघतं. त्यांना वाटतं, आवाज गेला.